होडी न वल्हवलेल्यांचं आडनाव

२ जून

ती. बाबांना,
सा. न. वि. वि.

मागच्या दोन पत्रांत मी एकच प्रश्न विचारला होता. उत्तरात तुम्ही गळकी तोटी बदलल्याचं सविस्तर लिहिलंत, आईच्या गुडघ्याचं लिहिलंत, शेजारच्या मांजरीला चार पिल्लं झाल्याचंही कळवलंत. प्रश्न होता तिथेच आहे, म्हणून तिसऱ्यांदा विचारते. आपलं आडनाव आलं कुठून?

माझ्या वर्गातल्या मुलांना मी आपापल्या नावा-आडनावांचे अर्थ घरी विचारून यायला सांगितलं होतं. एकीचे पूर्वज घंटा ओतायचे. एकाचे खापरपणजोबा उंच होते म्हणून सगळं घराणंच उंच ठरलं. तो स्वतः पहिल्या बाकावर बसतो. मग त्यांनी मला विचारलं. आपल्या आडनावाचा अर्थ होडी वल्हवणारा. तुम्ही काच कापता, आजोबाही काचच कापायचे, आणि दोघांपैकी कोणी गुडघाभर पाण्यात उतरल्याचं ऐकिवात नाही. मुलं हसली, ते ठीक. पण घरी विचारून सांगते, असं मी त्यांना कबूल केलं आहे.

पदवीच्या प्रमाणपत्रावर नाव कसं हवं, ते वीस तारखेपर्यंत कळवायचं आहे. आपल्या घरातली ही पहिली पदवी. तिच्यावर आपला नसलेला शब्द मला नको. उत्तर आलं नाही, तर आडनाव गाळून नुसतं माझं आणि तुमचं नाव देईन.

आईच्या गुडघ्याची चौकशी केली म्हणून सांगा.

तुमची कंटाळलेली लेक


७ जून

चि. शहाणीस,
अनेक आशीर्वाद.

तुला शिकवलं ते आमची उलटतपासणी घ्यायला नव्हे. नाक असतं तसं आडनाव असतं. नाक कुठून आलं म्हणून कोणी घरी पत्रं पाठवत नाही. आडनाव गाळायचं नाही. निवृत्तीला माझी दोन वर्षं राहिली आहेत, ती सुखाने जाऊ देत.

पिल्लं पाच झाली, चार नव्हेत. तोटी पुन्हा गळते आहे.

वेळेवर जेवत जा.

तुझा बाप


११ जून

ती. बाबांना,
सा. न. वि. वि.

आडनावाचं विचारलं तर तुम्हाला निवृत्ती कशी काय आठवली? काहीतरी लपवता आहात, आणि तेही धड जमत नाही तुम्हाला. फॉर्म भरून ठेवला आहे, आडनावाशिवाय. अठराला देणार.

रागावलेली, तरी तुमचीच


१४ जून

चि. हट्टीस,
आशीर्वाद.

तुझी आई म्हणते, मी लिहिलं नाही तर ती लिहील. ती शेवट आधी सांगेल, म्हणून मीच लिहितो. वाचून हे फाडून टाक.

आडनाव आपलं नाही. तुझ्या आजोबांचा एक मित्र होता, होडीवाल्याचा मुलगा. काच कारखान्यात हजर होण्याचं पत्र त्याला आलं, आजोबांना नाही. आजोबांचे वडील तेव्हा नुकतेच गेले होते, मागे तीन लहान भावंडं. मित्राने ते पत्र आजोबांच्या खिशात कोंबलं आणि म्हणाला, मला होडी आहे, तू जा. फाटकावर त्याचं नाव पुकारलं आणि आजोबा पुढे झाले. मग एकतीस वर्षं ते त्याच नावाने जगले. मित्र त्याच वर्षी पुरात गेला. त्याच्यामागे कोणी नव्हतं. आजोबा पाण्याजवळ का जात नसत, ते आता कळलं असेल.

मी त्यांच्याच जागेवर लागलो. हे बाहेर आलं तर साहेब मला ठेवायचे नाहीत. पण आडनाव गाळू नको म्हणतो ते त्या भीतीने नाही. जाताना आजोबा म्हणाले होते, त्याला मूलबाळ नव्हतं, निदान नाव तरी चालू ठेवा.

आणि स्वतःचं खरं नाव त्यांनी मला दिलं. आजी मला हाक मारायची तेव्हा तेही वळून बघायचे.

बाबा


१८ जून

ती. बाबांना,
सा. न. वि. वि.

पत्र फाडलं. तुमच्यावरचा राग मात्र गेलेला नाही. एवढं पोटात ठेवून तुम्हाला तोटीबद्दल लिहवतं तरी कसं?

मुलांना इतकंच सांगितलं, की आमच्या आडनावातला होडीवाला खरा होता.

फॉर्म दिला, पूर्ण नावाचा. आधी मी, मध्ये तुमचं म्हणजे आजोबांचं नाव, आणि त्याला लागून त्यांचा मित्र.

समारंभात नाव पूर्ण पुकारतात. आईला घेऊन पुढच्या रांगेत बसा. पुकारलं की पुढे मी होईन. तुम्ही नुसतं वळून बघा.

आणि तोटीला आता नळवाला बोलवा. माझ्यावरची माया आहे तशी राहू द्या.

तुमची लेक