दिगंबर कपाचं दुसरं वर्ष

१२ नोव्हेंबर १९७३
यंदाचा कप घरी आणला. चांदीचा नुसता मुलामा, पण खरी किंमत अशी — माझी स्कूटर गेली, हिचं कपाट लांबलं आणि मेव्हणा बोलेनासा झाला. असो! वर कोरलंय: 'दिगंबर कप, महिला टेनिस'. एके काळी खिदिरपूरच्या गोदीत पोती उचलणाऱ्या माझं नाव! मी नसेन तेव्हाही कलकत्ता हेच नाव घेईल.

१५ नोव्हेंबर
सुनीती माझ्या खेळसामानाच्या दुकानात आली, रॅकेटची तात बदलायला. डमडमच्या बँकवाल्यांची मुलगी. शाळेतली नोकरी सोडलीन् — आता बक्षिसांवरच जगणार म्हणते. "काका, यंदाही क्लबाच्या स्वयंपाकघरामागचं कोर्ट असेल तर बाहेरगावच्या मुली येणार नाहीत हं." खरंय. गेल्या वर्षी, पहिल्याच स्पर्धेत, ऐन फायनलचा चेंडू माशाच्या कालवणात!
मधलं कोर्ट हवं. ते क्लबाच्या सेक्रेटरींच्या, गोस्वामीबाबूंच्या हातात. नाही मिळालं तर स्पर्धा आटोपली, आणि सुनीती पुन्हा फळ्यापुढे.

१८ नोव्हेंबर
बाबू भेटले. "चेष्टा कोरबो!" बंगालीत चेष्टा म्हणजे प्रयत्न. उन्हाळ्यापासून ऐकतोय. माझे कान तिखट — त्यातला 'नाही' स्वच्छ ऐकू येतो.

२५ नोव्हेंबर
हसून हसून पोट दुखतंय!
बाबूंना जेवायला बोलावलं होतं. श्रीखंड-पुरी. वाढायला अक्का — माझी थोरली बहीण, साताऱ्याहून नुकतीच आलेली, बंगालीचा गंध नाही. मी सुनीतीची सगळी हकिगत हिंदीत सांगून कोर्ट मागितलं. बाबू पुरी मोडत म्हणाले, "चेष्टा कोरबो दिगंबरबाबू, खूब चेष्टा कोरबो."
अक्काचा डाव हवेतच थांबला. "पोरीची चेष्टा? माझ्या पंगतीला बसून?" मग तिचं हिंदी — "लडकीने नोकरी छोड्या, और तुम चेष्टा करेगा? बस हुआ तुम्हारा चेष्टा!"
बाबूंचा चेहरा! त्यांना वाटलं, बाईंनी आपल्याला पुरतं ओळखलं. घास खाली ठेवून हात जोडले. "ना दीदी, आर चेष्टा नोय. होबे!"
आता प्रयत्न नाही — होणारच!
अक्काला अर्थ सांगितला नाही. सांगणारही नाही.

२७ नोव्हेंबर
क्लबाचा शिपाई सांगून गेला — मधलं कोर्ट, अगदी फायनलपर्यंत. वर विचारतो, "दीदी रागावलेल्या नाहीत ना?"

६ जानेवारी १९७४
सुनीती जिंकली! ओरडून घसा बसला माझा. अक्का बाबूंच्या शेजारच्या खुर्चीत. चहा पहिला तिला. बक्षीस देताना बाबूंनी माइकवर कपाचं नाव घेतलं, पण टाळ्या इतक्या की मला ऐकूच आलं नाही.

७ जानेवारी
पेपरात सुनीतीचा फोटो. हातात कप. खाली छापलंय — 'अक्का कप'.