शब्द पाळणारी सावली

पानगळ, तारीख ३

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

परवा सकाळी दुकान उघडलं, दिवा लावला, हात जोडले. डोळे उघडले तर भिंतीवर खळीच्या भांड्याची सावली होती, पुस्तकं दाबायच्या चापाची होती, माझी नव्हती. दुपारी परतली आणि दमून पायाशी पडली.

वैद्यांनी या दुखण्याला 'ओढ' म्हटलं. घरातून 'येतो' म्हणून निघालेला माणूस वर्षानुवर्षं परत गेलाच नाही, तर त्याची सावली शब्द पाळायला जाते. रोज थोडी उशिरा परतते. जेव्हा परतणार नाही, तेव्हा माणूस संपला. देवाची मर्जी. आईला यातलं काही कळू देऊ नकोस. तिच्या गुडघ्यांना तेल लावत जा.

लोभ आहे तसाच राहू दे.

तुझा धाकटा

पानगळ, तारीख ९

चि. चिकट्यास,
अनेक आशीर्वाद.

आईपासून काय लपवू? तुझी सावली रोज सकाळी येऊन बाबांच्या पुस्तकं शिवायच्या बाकावर बसते. आईला दिसत नाही, पण बाक गार लागला की तिला कळतं. जेवलास का विचारते. मला म्हणाली, वीस वर्षांपूर्वी इथं राहत होतं तेव्हाही कार्टं एवढा वेळ घरात टिकलं नव्हतं. मी हसले आणि मागच्या खोलीत जाऊन रडले. काल दिवेलागणीपर्यंत सावली हलली नव्हती.

इथल्या वैद्यबाईंनी दोन उपाय सांगितले. एक, तू आपल्या दारात उभं राहून आईला 'जातो' म्हणायचं. ते ऐकून आई जगायची नाही. दुसरा, कायमचं घरी यायचं. पण तिकडून निघताना तिकडच्यांना 'जातो' म्हणायचं. नाहीतर सावली उलटी तिकडे धावेल. तुझी बायको तिथल्या मातीत आहे, रोज संध्याकाळी तू तिच्यापाशी बसतोस आणि उठताना काय म्हणतोस, हे मला ठाऊक आहे. तरी सांगते, ये. ती असती तर तिनंच तुला हाकललं असतं.

माया कमी होऊ देऊ नकोस.

तुझी ताई

पानगळ, तारीख १५

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

काल सावली अंधार पडताना आली, धुतलेल्या शाईसारखी फिकट. मनाशी ठरवून बायकोच्या मातीपाशी गेलो. आईचे गुडघे, तुझं पत्र, सगळं सांगितलं. उठलो आणि अकरा वर्षांच्या सवयीनं तोंडातून 'येतो' निघून गेलं. स्वतःचाच राग आला. आज पुन्हा गेलो, पुन्हा तेच.

तुला कधी लिहिलं नाही. मी 'येतो' म्हटलं की मागून हलकेच 'या' ऐकू येतं. वारा असेल. पण त्या एका शब्दावर माझा दुसरा दिवस उजाडतो.

सगळ्यांवर लोभ असू दे.

तुझा धाकटा

ता. क. हे पत्र कालच टाकायचं होतं. आता टपालगाडी माझ्याआधी घरी पोचेल, कारण सावलीवाचून अंगात बळ नाही, मला थांबत थांबत चालावं लागेल. सकाळी दुकानाची किल्ली शेजारच्या शिंप्याला दिली. त्याला 'जातो' म्हटलं, तर असं अभद्र बोलू नये म्हणून तो माझ्यावर रागावला. मग तिच्याकडे गेलो. बसलो नाही. बसलो असतो, तर उठताना पुन्हा सवयच बोलली असती. सावली केव्हाच तुमच्याकडे निघून गेली होती, मी एकटाच होतो.

उभ्या उभ्या म्हणालो, "जातो गं."

मागून काही ऐकू आलं नाही. बराच वेळ थांबून पाहिलं, आणि निघालो.