वल्ह्यावरचं फडकं

सोहार,
९ जानेवारी २००२

चि. खल्फान यास,
शम्साताईचे अनेक दुवा. वि. वि.

आई काल संध्याकाळी आमच्याकडे सुखरूप पोचली. सगळा रस्ता ती बोलत होती, त्यामुळे ड्रायव्हरला डुलकी लागली नाही एवढा फायदा झाला. उजव्या पायाची दोन बोटं गेली, पण जीभ शाबूत आहे. आल्या आल्या माझ्या स्वयंपाकघरात डोकावून म्हणाली की या घरात सुकवलेली मासळी नाही म्हणजे हे घर नव्हे, दुकान आहे.

जखम भरायला वेळ लागेल, अंगात साखर आहे ना. विषारी दगडमाशाचा काटा रुतला तो सकाळी उशिरा, आणि आपल्या खाडीत पाणी पोचवणाऱ्या सरकारी बोटीने तिला खसबला आणलं ते दिवस मावळताना. दुपारीच आणली असती तर बोटं वाचली असती, असं डॉक्टर मला म्हणाले. तुला दोष देत नाही. तुझं इंजिन ऐन वेळी दगा देऊन गेलं त्याला तू तरी काय करणार? आई भेटेल त्याला तेच सांगते आहे, की आपल्या खाडीत वल्ह्याला फडकं बांधून उभं केलं आणि समोरची बोट वळली नाही असं कधी झालंय का, माझ्या पोराचं इंजिनच बंद पडलं असणार. शेजारणी तुझी कीव करताहेत. त्यांतली एक तर तुझ्यासाठी मुलगी शोधते म्हणाली.

तुझ्या भावोजींनी मात्र ते इंजिन मनावर घेतलंय. तुला ठाऊकच आहे, हमदानला आजारी माणसापेक्षा आजारी इंजिनाची काळजी जास्त. हत्यारांची पेटी बांधून ते तिकडे यायचं म्हणताहेत.

फोनवर तू हो-नाहीच्या पलीकडे काही बोलत नाहीस, म्हणून हे पत्र भाजीच्या ट्रकवाल्याकडे देते आहे. उत्तर त्याच्याच हाती दे. जेवत जा. माया आहेच, तुझी असू दे.

तुझी,
शम्साताई


खसब,
१४ जानेवारी २००२

ति. शम्साताईस,
खल्फानचे सलाम वि. वि.

पत्र पावलं. आईचा पाय आता कसा आहे? रात्री ठणकतो का? तिला कधी विचारलं तरी ती नाहीच म्हणेल, तेव्हा तू तिच्या तोंडाकडे बघून ठरव. ट्रकवाल्याकडे सुकी मासळी आणि खजुराची टोपली दिली आहे. खजूर आईला देऊ नकोस, साखर वाढेल, पण मागितला तर एखादा दे.

भावोजींना म्हणावं, एवढ्या लांब येण्याची तसदी घेऊ नका. इंजिन आता ठीक आहे. किरकोळच काहीतरी होतं.

इकडे पाहुण्यांचा हंगाम जोरात आहे. दुबईहून गाड्या भरभरून माणसं येतात. गलबतावर गालिचे घातले, लोड टाकले, कॉफी ओतली, की सगळ्यांचा एकच प्रश्न, डॉल्फिन कधी दिसणार? जणू मी ते खिशात घालून आणलेत. पाणकावळे दाखवले, कड्यावरची घार दाखवली, एकदा कासवसुद्धा दाखवलं, तरी तोंडं आपली लांबच. हल्ली मी नुसत्या टाळ्या वाजवून डॉल्फिनना बोलावतो. दाढ दुखते आहे, शिट्टी घालवत नाही.

आईच्या शेळ्या आपल्या खाडीतल्या सैफच्या बायकोने नेल्या आहेत, तिला काळजी करू नको म्हणावं. घराला कडी घातली आहे. रोज त्याच पाण्यातून गलबत न्यावं लागतं, पण त्या दाराकडे माझ्याने बघवत नाही.

मुलांना आशीर्वाद. भावोजींना सलाम. लोभ आहे तसाच राहू द्यावा.

तुझा,
खल्फान


सोहार,
२० जानेवारी २००२

चि. खल्फान यास,
अनेक दुवा. वि. वि.

तुझ्या पत्राने घरात भांडण लावलं. 'किरकोळ काहीतरी' हा शब्द हमदानला फार लागला. ते म्हणतात, डिझेलचा पंप, फिल्टर, की पंख्यात दोर अडकला, एवढं तरी सांगशील की नाही? दुपारी बंद पडून संध्याकाळी आपोआप बरं होणारं इंजिन त्यांनी जन्मात पाहिलं नाही म्हणे, तसे कामगार मात्र पुष्कळ पाहिलेत. पुढल्या महिन्यात आईला परत सोडायला ते स्वतः येणार आहेत आणि इंजिन उघडणार आहेत. आता तूच निस्तर.

आणि ही दाढ कधीपासून दुखते? लहानपणी ताप असतानाही तुझ्या शिट्ट्या थांबल्या नाहीत.

आईने काल भाजी निवडता निवडता त्या दिवसाचं सगळं सांगितलं. काटा रुतल्यावर तिने पाय गरम पाण्यात घातला, पण कळ मांडीपर्यंत गेली. मग बसल्या बसल्या सरकत ती कातळावर आली, वल्ह्याला लाल फडकं बांधलं आणि उभं धरलं. तुझं गलबत समोरच होतं. तुझी शिट्टी तिने ऐकली. आपल्याकडे फडक्याला शिट्टीने उत्तर दिलं की झालं, 'पाहिलं, येतो', मग दुसऱ्या कुणाला हाक मारायचं काम नाही. म्हणून तिने फडकं उतरवलं. तुझ्या मागोमाग सैफची होडी तिच्या पुढ्यातून गेली, तिलाही तिने जाऊ दिलं, कारण तू येणार होतास. आणि दिवस मावळेपर्यंत ती तिथे बसून राहिली, खल्फान.

हे ऐकून मी निवडलेली भाजीच पुन्हा निवडत बसले. तू शिट्टी घातलीस म्हणजे फडकं पाहिलंस. पाहिलंस तर इंजिन बंद पडल्यावर सैफला हाक का नाही मारलीस? तो तर तुझ्या मागेच होता. आईला यातलं काही सुचत नाही, आपला तो बाब्या. पण मी तुला कडेवर घेऊन वाढवलंय. खरं काय ते लिही.

वाट पाहते.
शम्साताई


खसब,
२४ जानेवारी २००२

ति. शम्साताईस,
सलाम वि. वि.

इंजिन बंद पडलं नव्हतं. आईने दवाखान्यात पडल्या पडल्या तसं म्हटलं, आणि मी नुसती मान हलवली. त्या दिवसापासून ते इंजिन माझ्या छातीवर आहे.

त्या दिवशी गलबतावर दुबईच्या एका हॉटेलचा माणूस होता. पाहुणे खूश झाले तर हंगामभर सगळे माझ्याच गलबतावर पाठवीन म्हणाला होता. सकाळपासून डॉल्फिनची शेपटीसुद्धा दिसली नव्हती. पाहुणे कुरकुरायला लागले, एक बाई तर झोपली. आपल्या घरासमोर आलो आणि पाण्यात डॉल्फिनचा पहिला पंख दिसला. त्याच वेळी कातळावर फडकं दिसलं.

मी पाहिलं, ताई. उन्हाने डोळे दिपले नव्हते. मनाला म्हटलं, आईने धुणं वाळत घातलं असेल. वल्ह्यावर कुणी धुणं घालतं का? एका पाहुण्याने बोट दाखवून विचारलं की ती म्हातारी निशाण का हलवते आहे. मी सांगितलं की ही इकडची रीत आहे, पाहुण्यांचं स्वागत करताहेत. ती माझी आई आहे हेही सांगितलं नाही. मग सगळ्यांनी उठून तिला हात हलवले, फोटो काढले. आणि मी तोंडात दोन बोटं घालून डॉल्फिनसाठी शिट्टी घातली.

ते आले, पाचसहा जण, गलबताच्या लाटेवर उड्या मारत. पाहुणे लहान मुलांसारखे ओरडत होते. वळणावर पोचल्यावर मी मागे बघितलं तर फडकं खाली होतं. मला हायसं वाटलं. म्हटलं, बघ, काही नव्हतंच. डोळ्यांवर कातडं ओढायला मला तेवढं पुरलं. खसबला येऊन मी पोटभर जेवलो, ताई. जेवून हात धुतले तेव्हा सरकारी बोट धक्क्याला लागली आणि लोक आईला चादरीत घालून उतरवत होते.

माझ्या शिट्टीवर विसंबून ती तिथे बसली होती, हे तुझं पत्र येईपर्यंत मला माहीत नव्हतं. तेव्हापासून अन्न गोड लागत नाही. आईला हे सांगायचं की नाही ते तू ठरव. माझ्यात ती हिंमत नाही.

लोभ मागायला तोंड नाही.
खल्फान


सोहार,
३० जानेवारी २००२

खल्फान,

तुझं पत्र वाचून मी भांडी आपटली. तीन दिवस तुला शिव्या दिल्या, त्या लिहीत नाही, तुला पाठ असतील. आईला काही सांगायचं नाही असं ठरवलं होतं. पण तुझं पत्र आलं की ते मोठ्याने वाचून दाखवायचं हा तिचा हट्ट. मी मनाने रचून, हवापाणी आणि शेळ्या असं वाचायला लागले. ती मध्येच म्हणाली की खल्फान शेळ्यांबद्दल इतकं लांबलचक कधीच लिहीत नाही, काय आहे ते नीट वाच. मग वाचलं. संपलं तशी ती म्हणाली, लिहून घे. ती बोलली तसंच खाली उतरवते आहे, एक अक्षर माझं नाही.

"बाळा खल्फान, आईचा दुवा.

तुझे दुधाचे दात पडले तेव्हापासून तुझ्या शिट्ट्या मी ऐकते आहे. माणसाला घालतोस ती एकच, लांब. डॉल्फिनला घालतोस ती तुटक, तीनचारदा. मला काय कळत नाही? त्या दिवशीची शिट्टी माझी नव्हती, हे मला तिथेच कळलं होतं.

फडकं उतरवलं ते तू येणार म्हणून नव्हे. मागच्या वळणापलीकडून सैफच्या होडीचा आवाज आला. फडकं वर असतं तर त्याने फडकंही पाहिलं असतं आणि पुढे पाठ फिरवून चाललेलं तुझं गलबतही. फडकं टाळून गेलेल्या माणसाच्या फडक्याला आपल्या खाडीत कुणाची बोट वळत नाही, तुला माहीत आहे. माझं काय, मला आता कुठे चालायचं आहे? तुला त्या पाण्यावर जन्म काढायचा आहे. म्हणून फडकं मांडीखाली घेतलं आणि सैफला हसून हात केला. शिट्टीची आणि इंजिनाची गोष्ट मीच रचली. शम्सा उगाच खोदत बसली.

मी रागावले नाही असं समजू नकोस. बोटं कापली तेव्हा दुखलं नाही, औषध देतात. 'पाहुण्यांचं स्वागत' हे ऐकताना दुखलं.

आता एकच ऐक. तोंड बंद ठेव. कुणापाशी मन हलकं करायला जाऊ नकोस. मी दोन बोटं दिली ती तुझं नाव राहावं म्हणून, ती फुकट घालवू नकोस. हमदानला मी सांगितलंय की पंप गेला होता. शेळ्यांना खारी मासळी जास्त घालू देऊ नकोस."

एवढं सांगून तिने खजूर मागितला. मी दिला.

शम्सा


खसब,
४ फेब्रुवारी २००२

ति. शम्साताईस व आईस,
सलाम वि. वि.

हे पहिलं पान आईला वाचून दाखव. आई, तुझं सगळं ऐकलं. कुणापाशी एक शब्द बोललो नाही आणि बोलणार नाही. भावोजी आले की पंपाबद्दल मीही तेच सांगेन. तुला धक्क्यावरून घरी न्यायला मीच येतो. त्या दिवशी गलबतावर पाहुणे नसतील, गालिचे सगळे तुझ्यासाठी. शेळ्या ठीक आहेत. एक गाभण आहे.

ताई, हे दुसरं पान फक्त तुझ्यासाठी, वाचून झालं की चुलीत घाल.

तुमचं पत्र शनिवारी पोचलं. मी शुक्रवारीच बोललो होतो. नमाजानंतर सगळे कॉफीला बसले होते, सैफ माझ्या इंजिनाची चौकशी करायला लागला, त्याला खरंच काळजी होती. माझ्याने राहवलं नाही. फडकं, डॉल्फिन, स्वागत, सगळं सगळ्यांदेखत सांगितलं. कुणी शिवी दिली नाही. कॉफी ओतणारा फिरत फिरत आला आणि माझ्या पुढ्यातून तसाच पुढे गेला.

दुसऱ्या दिवशी आईचं पत्र वाचलं. तिने दोन बोटं देऊन जे राखलं ते मी, मन हलकं व्हावं म्हणून, एका कॉफीच्या बैठकीत घालवलं. मन हलकं झालंही नाही.

ते पत्र घेऊन मी सैफकडे गेलो, दुसरं कुणी सुचलं नाही. वाचून त्याने ते घडी घालून परत दिलं. मग म्हणाला, बाई घरी आली की तिच्या कानावर यातलं काही जाणार नाही, सगळ्यांना मी सांगतो. तिच्यासमोर तुला कॉफी मिळेल. तिच्यासमोर जो तो तुझ्या इंजिनाची चौकशी करील, आणि तू ठीक आहे म्हणायचं. ती आहे तोवर तुझ्या फडक्यालाही बोट वळेल, पण ती तिच्यासाठी वळेल, हे लक्षात ठेव.

तेव्हा ताई, तिला खजूर देऊ नकोस. मागितला तरी देऊ नकोस.

तुझा,
खल्फान