उलट-सुलट किल्ल्या

प्रिय मास्तरीणबाई,

तुझं पत्र मंगळवारी आलं आणि तेव्हापासून माझं कशात म्हणून लक्ष नाही. काल दूध उतू गेलं, आज पुन्हा गेलं. भाजीचा भाव कळवावा तसं तू कळवलं आहेस, की भाच्याने वृद्धाश्रमात जागा बघून ठेवली आहे, एका खोलीत दोन खाटा, दुसऱ्या खाटेवर कोण ते अजून ठाऊक नाही, आणि महिनाअखेर तू तिथे जाणार. शेवटी लिहितेस, ‘बाकी ठीक.’ बाकी राहिलंय काय गं ठीक असायला? फोन उचलणार होते. पण फोनवर तुला नीट ऐकू येत नाही आणि मला धीर निघत नाही, मग दोघी नुसत्या ओरडत बसतो. म्हणून हे पत्र. सावकाश वाच. चष्मा पुसून घे आधी, तुझा नेहमी कळकट असतो.

दुसऱ्या खाटेवर कोण, हे ठाऊक नसताना तू हो म्हणालीस, याचंच मला नवल वाटतं. पहिल्यांदा आमच्या घरी आलीस तेव्हाची तू आठवतेस मला. हातात एक पेटी, काखेत पुस्तकांचा गठ्ठा, आणि दारात उभं राहून पहिलं वाक्य काय, तर ‘खोलीत दुसरी कोण आहे ते आधी सांगा.’ आमचे हे आतून म्हणाले होते, ‘भाडेकरू आलीय की फौजदार?’ तेव्हा आमचं घर नोकरी करणाऱ्या बायकांनी कसं गच्च भरलेलं असायचं! तळमजल्यावर एका खोलीत आम्ही नवराबायको. पहिल्या मजल्यावर जिन्याच्या तोंडाशी एक खोली, आणि चार पायऱ्या वर तीन सारख्या खोल्या, तिन्हींची तोंडं तीन दिशांना. दुसऱ्या मजल्यावर पुन्हा तसंच, शिवाय मागच्या अंगाला लोखंडी जिना चढून गेलं की पाच लहान खोल्या. आणि सगळ्यांच्या वर, तिसऱ्या मजल्यावर, ती एकच हवेशीर खोली. तिथे शिलाईवाली बाई होती आणि तिच्याच खोलीत तुला जागा होती. तू नाक मुरडलंस, पण राहिलीस.

माझी खोल्या भरायची रीत तुला चमत्कारिक वाटायची. मला कुणी शिकवली नव्हती, जिने चढून चढून माझी मलाच सापडली होती. आधी खालचं भरायचं, मग वरचं, कारण उगाच कोण चढेल? एका खोलीत फार तर दोघी, तिसरी घुसवायची नाही, मग ती रडत का येईना. आणि सारख्या तीन खोल्या मोकळ्या असतील, तर येणाऱ्या तिघींना एकेक द्यायची. चौथी आली तरच कुणाच्या तरी शेजारी खाट टाकायची, कारण मोकळी खोली समोर दिसत असताना दुसरीचं घोरणं कोण ऐकेल? एवढंच काय ते माझं शास्त्र. फक्त एका जागी ते उलटं चालायचं. दुसऱ्या मजल्यावरच्या त्या मागच्या पाच खोल्या खाली असूनही कुणाला नको असायच्या. तो लोखंडी जिना म्हणजे कसरत. त्यापेक्षा सरळ तिसऱ्या मजल्यावर जाणं बायकांना सोपं वाटायचं. म्हणून वरची खोली आधी भरायची आणि मागच्या पाच नंतर.

आणि ती किल्ल्यांची फळी! यांनी उरलेल्या सागवानातून बनवलेली, प्रत्येक खोलीला एक चौकोनी खण. सुताराचा हात, त्यामुळे खण असे मापात, की त्यात दोन किल्ल्या बसायच्या त्या एक सुलटी आणि एक उलटी ठेवली तरच. दोन्ही सुलट्या ठेवल्या की डोकी एकमेकांना आपटायची. तिसरी तर जायचीच नाही. पहिली किल्ली सुलटी, जोडीदारीण आली की तिची उलटी, हा माझा शिरस्ता.

त्या वर्षी तू शाळेत वरच्या वर्गाला रसायन शिकवत होतीस आणि मुलींच्या काही केल्या डोक्यात शिरत नव्हतं. एका सकाळी किल्ली घ्यायला आलीस आणि फळीसमोर अशी उभी राहिलीस, की मला वाटलं चक्कर आली. पाणी आणलं तर ते न पिताच म्हणालीस, ‘मालकीणबाई, तुम्ही अणू टांगलाय भिंतीवर!’ (तेव्हा तू मला अहो-जाहो करायचीस. कुठे गेली ती रीत?) मग स्वयंपाकघरातच शिकवणी सुरू झाली. अणूच्या मध्यभागी केंद्र, त्याच्याभोवती इलेक्ट्रॉन, आणि ते वाटेल तिथे नाही राहत, त्यांना ऊर्जेच्या पातळ्या असतात, म्हणजे मजले. प्रत्येक मजल्यावर उपपातळ्या, म्हणजे जिन्याच्या तोंडाची खोली वेगळी, तीन खोल्यांचा गट वेगळा, पाचांचा वेगळा. त्या खोल्यांना ऑर्बिटल म्हणायचं. एका ऑर्बिटलमध्ये दोनच इलेक्ट्रॉन, आणि तेही एकाची फिरकी सुलटी तर दुसऱ्याची उलटी. सारख्या खोल्या असतील तर आधी एकेकाला एकेक, आणि तोवर सगळ्यांची फिरकी एकाच बाजूला. चौथ्या मजल्याची पहिली खोली तिसऱ्याच्या पाचांआधी भरते, हेसुद्धा! फक्त अणू तळमजल्यालाच पहिला मजला म्हणतो, एवढाच फरक. मी चौथीत शाळा सोडलेली बाई, माझ्या हातातलं लाटणं हातातच राहिलं. तू म्हणालीस, दुसऱ्या मजल्यावरच्या एका खोलीचं न्हाणीघर केलं नसतं तर घर हुबेहूब जुळलं असतं. हे म्हणाले, ‘मग अणूतले लोक आंघोळ कुठे करतात?’

तुझं एक मात्र तेव्हाच आवडलं होतं मला. तू लगेच बजावलंस, की खोली म्हणजे खरोखरच्या भिंती समजू नका, इलेक्ट्रॉन काही गोटीसारखा आत बसून नसतो. ऑर्बिटल म्हणजे तो सापडण्याची जास्त शक्यता असलेली जागा. हे म्हणाले, ‘पण आत्ता नेमका कुठे आहे?’ तू म्हणालीस, ‘तुमच्या मागच्या खोलीतल्या बेकरीवालीचं सांगता येईल का? पण शोधायला निघालात तर बहुधा चुलीपाशी.’ आणि ती खरंच चुलीपाशी होती, साय खात! मग माझ्या कणकेचे आकार केलेस. पहिला चेंडूसारखा गोल. दुसरा मध्ये चिमटून दोन फुगे, तसे तीन, तीन दिशांना. मग चार पाकळ्यांचे, आणि त्या पाचांतला एक भलताच, दोन फुगे आणि कमरेला कडं. ह्यांनी तो उचलून विचारलं, ‘ही कोण, पाटलीण?’ त्या दिवशी दुपारी आपण ते सगळे भाजून खाल्ले. कड्यावाला कच्चा राहिला होता.

आणि मग तो पराक्रम. मुलींना दाखवायला म्हणून तू भल्या सकाळी फळी भिंतीवरून काढलीस, वर्तमानपत्रात गुंडाळलीस आणि शाळेत घेऊन गेलीस. किल्ल्यांसकट! नर्स पाळी संपवून आली ती दारात. टेलिफोनवाली न्हाणीघरातून टॉवेल गुंडाळून आली आणि खोलीला कुलूप. शिलाईवालीचं गिऱ्हाईक ब्लाउज मागायला आलेलं, ब्लाउज आत. सगळा जिना बायकांनी भरला आणि सगळ्या मला बोलत होत्या. यांनी छिन्नी घेऊन दोन कुलपं काढली. दुपारी तू आलीस ती नाचतच, ‘कळलं, सगळ्यांना कळलं!’ टेलिफोनवाली म्हणाली, ‘आम्हालाही कळलं. इलेक्ट्रॉनला कपडे लागत नाहीत.’ किती हसलो होतो गं आपण. तू डोळे पुसत पायरीवर बसलीस, आणि त्या दिवसापासून मला ‘अगं’ म्हणायला लागलीस. आठवतंय?

शिलाईवालीचं आणि तुझं मात्र जमलं नाही ते नाहीच. तिचं मशीन खडखड करायचं, तू भिंतीला उद्देशून मोठ्याने धडे म्हणायचीस. तिला खिडकी बंद हवी, तुला उघडी. दोघी चांगल्या, पण एका खणात बसेनात. मागच्या पाच खोल्यांत तेव्हा चौघी होत्या, नर्स, टेलिफोनवाली, बेकरीवाली आणि ती अबोल ग्रंथपाल, एकेकीला एकेक. पाचवी खोली खिडकी अडकलेली म्हणून पडून होती. तू एका रविवारी म्हणालीस, मी खाली जाते. हे वैतागले, ‘वरची हवेशीर खोली अर्धी सोडून कोणी त्या खुराड्यात जातं का? हिशोबात बसत नाही.’ मलाही पटलं नव्हतं. पण तू गेलीस. आणि काय सांगू, आठवडाभरात घर शांत झालं. वर शिलाईवाली एकटी, मागे पाच जणी एकेकट्या, सगळ्यांच्या किल्ल्या सुलट्या. भांडण नाही, आदळआपट नाही. तू पुस्तक घेऊन धावत आलीस, की हे बघ, क्रोमियमचं असंच असतं! नळावर चकाकतं ते क्रोमियम. वरच्या खोलीतला एक जण खाली उतरतो, पाचही खोल्यांत एकेक होतो, आणि सगळ्या अणूला जास्त स्वस्थता मिळते. यांनी खिडकी दुरुस्त करून दिली आणि म्हणाले, ‘पुस्तकात आहे म्हणता, मग राहा.’

त्यानंतर मी ग्रंथपालबाईंकडून पुस्तकं मागून वाचू लागले. निम्मं कळायचं, निम्मं तुला विचारायचं. तुझी बदली झाली तेव्हा तुझ्या जागी दुसरी आली, चांगली होती बिचारी, पण मला तिला काही विचारावंसं वाटलं नाही. मग बायकांना जागोजागी घरं मिळत गेली, एकेक खोली रिकामी होत गेली, तीही वरूनच आधी. आता वरचे मजले मुलाने एका छापखान्याला दिले आहेत, कागद ठेवायला. हे गेल्यावर मी खालीच आहे, एकटी.

तर ऐक. ह्यांची सुतारकामाची खोली, माझ्या खोलीला लागून असलेली, जिच्यात कुणी राहत नाही म्हणून तू तेव्हा मोजलीच नव्हतीस, ती मी मोकळी केली आहे. रंधे, करवती मुलाने नेल्या. भिंतींना रंग दिला. भुसा अजून फटीतून निघतो, पण वास छान येतो. जमीन माझ्या खोलीच्याच पातळीत, एकही पायरी नाही. दार वेगळं, खिडकी वेगळी, उघडी ठेव नाहीतर बंद. भिंतीला धडे म्हणालीस तरी चालेल, मलाही हल्ली कमीच ऐकू येतं. अणूत तळमजल्याला एकच खोली असते हे मला माहीत आहे, लगेच लाल पेन काढू नकोस. पण अणूला माझ्यासारखे गुडघे नाहीत. माझ्याशेजारी सारखीच खोली मोकळी असताना दुसरीच्या खोलीत खाट टाकून घेणं तुझ्या कुठल्या पुस्तकात बसतं ते सांग. आणि तेही अनोळखी बाईशेजारी, जिची फिरकी कुठल्या बाजूला हेसुद्धा ठाऊक नाही.

आता खरं काय ते लिहिते, कारण तू मास्तरीण, शेवटची ओळ आधी वाचायची तुझी खोड आहे. हे मी तुझी कीव करून लिहीत नाही. दोन आठवड्यांपूर्वी मी खालच्या न्हाणीघरात पडले. फार नाही, मनगट मुरगळलं, अक्षर म्हणूनच असं पायमोडकं. पण मुलगा हटून बसला आहे, की तू आता एकटी राहायचं नाही, माझ्याकडे चल. त्याच्याकडे नातवंडांच्या खोलीत माझी खाट लावणार. नातवंडं गोड आहेत, सून गुणाची आहे, पण मला माझ्याच घरात राहायचं आहे गं. तो येत्या रविवारी गाडी घेऊन येतो म्हणाला. तेव्हा माझ्या तोंडून निघून गेलं, की मी एकटी कुठे आहे, मास्तरीणबाई कायमच्या राहायला येतायत, त्यांनी होकार कळवलाय. तो इतका खूश झाला, की रविवारी गाडीऐवजी सुताराला घेऊन येतो आहे, न्हाणीघरात धरायला दांडे लावायला. किती उंचीवर लावू, विचारत होता. मी म्हटलं, एक माझ्या खांद्याच्या अंदाजाने लाव, आणि एक वीतभर वर, त्या उंच आहेत. तेव्हा भाच्याला काय ते आजच सांग, आणि मला खोटं पाडू नकोस.

तुझीच वाट बघणारी,
मालकीणबाई