कर्ज फिटल्याचा सत्यनारायण

२ ऑगस्ट, शनिवार
साडूचा फोन. पुढच्या रविवारी कळव्याला त्यांच्याकडे सत्यनारायण. विचारलं, कशाबद्दल? तर म्हणे होम लोन संपलं. दहा वर्षांचं घेतलेलं, आठ वर्षांत फेडलं. हे सांगताना आवाज एकदम साधा. दर्शनची ही जुनी खोड. मोठी गोष्ट बारीक आवाजात सांगायची, म्हणजे समोरच्याला जास्त लागते.

कर्ज फिटलं म्हणून सत्यनारायण कोण घालतं? उद्या गॅसचं बिल भरलं म्हणून घालतील.

वर्षालीला मात्र धाकट्या बहिणीचं केवढं कौतुक. रसिकाने किती काटकसर केली, आठ वर्षं फ्रिज बदलला नाही. मी म्हटलं, जुना फ्रिज ही काय मिरवायची गोष्ट आहे? त्यांचा कळव्याचा वन बीएचके. आपला ठाकुर्लीचा टू बीएचके, वर फॉल्स सीलिंग. ती म्हणाली, तुमच्या पोटात दुखतंय.

पोटात वगैरे काही दुखत नाही. ॲसिडिटी आहे. श्रावणात साबुदाणा जास्त होतो.

१० ऑगस्ट, रविवार
कळव्याला जाऊन आलो. शिऱ्यात केळं कमी. हॉल एवढासा की मागे बसलेल्यांना पोथी ऐकू येत होती, पण देव दिसत नव्हता. भिंतीचा रंग वास्तुशांतीला होता तोच. तरी दर्शन सोवळं नेसून असा बसलेला, जसं काही अर्धं ठाणं त्याच्या नावावर झालंय.

सासरे गावाहून आलेत. मोतीबिंदूचं ऑपरेशन आहे, दिवाळीपर्यंत आमच्याकडेच राहणार. म्हणाले, काजूची बाग विकली, आता होत नाही. मी म्हटलं बरं केलंत. त्या कातळाचे काय येणार, फार तर आमच्या सोसायटीचा वर्षाचा मेंटेनन्स सुटेल. हे अर्थात मनात म्हटलं.

मग सासऱ्यांनी सगळ्यांसमोर दर्शनच्या पाठीवर थाप मारली. जावई असावा तर असा, वगैरे. थोरला जावई शेजारीच प्रसादाचा द्रोण धरून उभा. गणिताचा शिक्षक मी. आठवीला दरवर्षी चक्रवाढ व्याज शिकवतो मी. आणि थाप कुरिअरच्या गोडाऊनमधल्या सुपरवायझरला.

म्हणून बोलून गेलो, आमचंही संपतच आलंय. कुणी ऐकलं नाही असं वाटलं म्हणून परत मोठ्याने बोललो. सासरे वळले. खरंच का, आनंदराव? म्हटलं, दिवाळीत फिटतंय. आमच्याकडेही पूजा आहे, सगळ्यांनी यायचं.

परतताना रिक्षात वर्षालीने विचारलं, नक्की ना? तिचा चेहरा एवढा उजळलेला की मला माझाच अभिमान वाटला. दिवा स्टेशनजवळच्या पॅथॉलॉजी लॅबमध्ये सकाळी सहाला काउंटरवर उभी राहते बिचारी. लोन संपलं की ते सोडायचं आणि घरी ब्लाउज शिवायला घ्यायचे, असं आमचं ठरलेलं. म्हणाली, पूजा झाली की नोटीस देते. मी म्हटलं, खुशाल दे. चाळीस लाख घेतलेले. साडेचार वर्षं महिना एकतीस हजार जातायत. आता राहिलं असेल किती?

११ ऑगस्ट, सोमवार
संकल्प. दर महिन्याला जादा पैसे भरून लोन झटपट संपवणे. बाहेरचा चहा बंद. रिक्षा बंद. दर्शनचं फेसबुक स्टेटस बघणं बंद.

दुपारी. दर्शनचं स्टेटस बघितलं. लिहिलंय, आता शांत झोप. खाली सत्तावीस जणांनी हात जोडलेत, त्यात वर्षाली पण.

२१ ऑगस्ट, गुरुवार
शाळा सुटल्यावर बँकेत गेलेलो. ऐश्वर्या मॅडम म्हणून कोणी आहेत, वय माझ्या जुन्या विद्यार्थिनींएवढं. स्टेटमेंट काढून दिलं. आतापर्यंत साडेसोळा लाखांच्या वर भरलेत आणि मुद्दल तीन लाखसुद्धा कमी झालेलं नाही. मी म्हटलं, प्रिंटर बघून घ्या.

प्रिंटर बरोबर आहे म्हणे. सुरुवातीच्या वर्षांत हप्त्यातलं बहुतेक व्याजातच जातं. त्यात मध्ये व्याजदर वाढला, तेव्हा बँकेने विचारलेलं की हप्ता वाढवायचा का मुदत. सरांनी ॲपवर मुदत वाढवा केलंय. वीस वर्षांचं लोन अठ्ठावीसवर गेलंय. संपणार दोन हजार एकोणपन्नासला.

तो दिवस मला चांगला आठवतो. दर्शनचा हप्ता वाढला म्हणून तो रडत होता आणि मी संध्याकाळभर त्याची खेचलेली. आमची बँक बघ, म्हटलं, एक रुपया वाढवला नाही. बँकेत वट लागते.

मी रिटायर होणार दोन हजार चाळीसला. हे मी मॅडमना सांगितलं नाही, त्यांनीच फॉर्मवरून सांगितलं. वर हेही सांगितलं की असंच चाललं तर चाळीस लाखांच्या लोनचे एक कोटीच्या वर जातील. हप्ता चार हजारांनी वाढवलात तर सहा वर्षं कमी होतील, सर, विचार करा. मी हसलो. चार हजार जास्त द्या आणि फायदा तुमचाच, असं म्हणणारे सेल्समन मी खूप बघितलेत.

घरी वर्षालीला म्हटलं, ट्रॅकवर आहे.

२३ ऑगस्ट, शनिवार
योगायोग बघा. आठवीला आजच चक्रवाढ व्याज. पुस्तकात मुद्दल दहा हजार आणि मुदत दोन वर्षं. सगळीच उदाहरणं तशी. चाळीस लाख आणि अठ्ठावीस वर्षं असं एकही नाही. मग माणसाला कळणार कसं? दोष सिलॅबसचा आहे.

३१ ऑगस्ट, रविवार
गणपती. कळव्याची मंडळी आलेली. रसिकाने नवीन फ्रिज घेतला. रोख. वर्षालीला फोटो दाखवत होती, मी चष्मा आत राहिला म्हणून बघितला नाही. दोन दरवाजांचा आहे.

दर्शन सांगत होता की त्याचाही हप्ता असाच होता, पण दर दिवाळीचा बोनस मुद्दलात भरायचा, आणि ओव्हरटाइम पण. मी म्हटलं, अरे, माणसाने जगायचं कधी? त्या दिवाळ्यांना आम्ही फॉल्स सीलिंग केलं, मग मोठा टीव्ही, मग त्या टीव्हीला शोभेल असा सोफा. तो म्हणाला, हो ना दादा, तुमचा हॉल बघून रसिका नेहमी बोलायची. हे ऐकून बरं वाटलं. नंतर लक्षात आलं, तो बोलायची म्हणाला. आता बोलत नाही.

आरती झाल्यावर सासरे हळूच जवळ आले. आनंदराव, कर्जाचं नक्की जमतंय ना? थोडंफार राहत असेल तर सांगा. एका डोळ्याला पट्टी, दुसऱ्याने माझ्याकडे टक लावून बघत होते. दर्शनने कान भरलेले दिसतायत. म्हटलं, नक्की जमतंय.

५ सप्टेंबर, शुक्रवार
हप्ता गेला. चहा, रिक्षा वगैरे वाचवून पाच हजार जमलेले. ॲपवर मुद्दलात भरायला गेलो तर म्हणे कमीत कमी एका हप्त्याएवढे भरा. म्हणजे माणूस प्रामाणिकपणे फेडायला जातो आणि हे दार लावून घेतात. पैसे पडून राहिले तर खर्च होतील, म्हणून त्यातून सोफ्याला कव्हर घेतलं. पूजेला लागणारच होतं.

२७ सप्टेंबर, शनिवार
वर्षालीने शिलाई मशीन दुरुस्त करून आणलं. गॅलरीत कुठे बसायचं, उजेड कुठून येतो, हे बघत होती. चोळेगावातल्या तीन बायकांना सांगूनही ठेवलंय. मी म्हटलं, एवढी घाई कशाला? ती म्हणाली, महिना तर राहिला.

जेवण गेलं नाही. ॲसिडिटी.

६ ऑक्टोबर, सोमवार
देव आहे. बँकेतून फोन आला की सर, तुमचा रेकॉर्ड उत्तम आहे, तुम्ही टॉप-अपला पात्र आहात. पाच लाख, कागदपत्रं जुनीच चालतील. बँक असं काही कुणालाही बोलवत नाही. दर्शनला कोण देणार? त्याचं आता लोनच नाही.

आणि टॉप-अप म्हणजे काही नवीन कर्ज नव्हे. जुन्याच कर्जाची फांदी. महिन्याला फक्त साडेचार हजार वाढतात.

विचार असा आहे. पूजा एकदाची दणक्यात करायची, नाव होऊन जाईल. मग शांतपणे फेडत राहायचं. लोक फेडून पूजा करतात, मी पूजा करून फेडीन. देव काय स्टेटमेंट मागतोय?

१४ ऑक्टोबर, मंगळवार
पूर्ण घराचं रंगकाम काढलं. हॉलला एक भिंत वेगळ्या रंगाची. कॅटररला साठ पानं सांगितली. दर्शनकडे चाळीस होती.

वर्षालीने विचारलं, एवढे पैसे कुठून? म्हटलं, एरिअर्स. तिने कॅटररचं बिल उचलून बघितलं. मग म्हणाली, एरिअर्स आले तर आधी माझ्या चपला आणू, लॅबमध्ये टाचा फुटतात. मग आपणच हसली. जाऊ दे, आता कशाला, दोन आठवडे तर राहिले.

१९ ऑक्टोबर, रविवार
सासऱ्यांनी आज गॅलरीत बोलावून घेतलं. पट्टी कधीच निघाली, आता दोन्ही डोळ्यांनी बघतात. म्हणाले, हे तिसऱ्यांदा विचारतोय, रागावू नका. एक पैसा जरी राहिला असेल तरी सांगा. माझ्यापासून काय लपवायचं? मी कुणाला बोलणार नाही.

मला कळत नाही की काय? त्या दर्शनला माझी पूजा बघवत नाही. म्हाताऱ्याला पुढे केलंय. अंगाचा तिळपापड झाला. देव्हाऱ्याकडे हात करून सांगितलं, मामा, एक पैसा नाही. ते म्हणाले, मग माझ्या जिवाचा घोर गेला. आणि खाली जाऊन स्वतःच्या पैशांनी पेढे घेऊन आले.

२६ ऑक्टोबर, रविवार. दुपारी चार
पूजा झोकात. शिऱ्यात केळं भरपूर. सोसायटीचे सेक्रेटरी सर्वेश सावंत सगळ्यांसमोर म्हणाले, सरांसारखं प्लॅनिंग पाहिजे. दर्शन वेगळ्या रंगाच्या भिंतीकडे कितीतरी वेळ बघत होता. माझं समाधान झालं. आता परत हॉलमध्ये जातो, सासऱ्यांना काही बोलायचंय म्हणे. थाप बहुतेक.

त्याच दिवशी, दिवेलागणीला
बागेचे चौतीस लाख आले. हायवेच्या बाजूची होती.

सासरे उभे राहून सगळ्यांना सांगत होते. मला दोन मुलीच. ठरवलेलं की जिच्या घरावर कर्ज आहे तिचं आधी फेडायचं. थोरलीचा विचार पहिला होता, कारण ती पहाटे उठून दिव्याला जाते. पण आनंदरावांना मी तीन-तीनदा विचारलं. त्यांनी स्वतःच्या हिमतीवर सगळं फेडलं, वर देवासमोर सांगितलं. असा स्वाभिमानी माणूस. म्हणून ते पैसे रसिकाला. ती दोन पोरं घेऊन एवढ्याशा घरात राहते. ठाण्याला ढोकाळीत टू बीएचके बघितलाय, परवाच चेक दिला.

सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मी पण वाजवल्या. दर्शन माझ्या पाया पडला. आणि सासऱ्यांनी माझ्या पाठीवर थाप मारली. चांगली जोरात.

पाहुणे गेले. वर्षाली रिकामे द्रोण गोळा करत होती. विचारलं, बाबांनी तीनदा विचारलं होतं? म्हटलं, हो. मग जे होतं ते सांगितलं. एकोणपन्नास साल सांगितलं, टॉप-अपचंही सांगितलं. बाबांना मी आत्ता जाऊन सांगतो असंही म्हटलं. ती म्हणाली, चेक गेला, आता त्यांची झोप कशाला घालवता. बोटांवर काहीतरी मोजलं. म्हणाली, मी तेव्हा चौसष्टची असेन. उरलेला शिरा डब्यात भरला. उद्या लॅबला नेते म्हणाली, पूजेचा प्रसाद आहे, सगळे मागतील.

५ नोव्हेंबर, बुधवार
दोन्ही हप्ते गेले. बेरीज केली. मॅडम जेवढा वाढवा म्हणत होत्या, त्यापेक्षा जास्तच वाढलाय. मुदत मात्र तीच.

शिलाई मशीनवर चादर घातलीय. वर्षाली पावणेसहाला गेली. मी काल तिला चपला आणलेल्या, मऊ सोलच्या. घालून गेली.

संध्याकाळी दर्शनचा फोन. वास्तुशांतीसाठी आमच्या गुरुजींचा नंबर हवा होता. आणि एक सल्ला. थोडे पैसे कमी पडतायत, छोटं लोन घेतोय. पाच वर्षांचं घेऊ का वीस? दादा, तुम्ही गणितातले, तुम्हाला विचारल्याशिवाय कसं ठरवणार?

मी म्हटलं, वीस. हप्ता कमी बसतो.

तो खूप हसला. म्हणाला, दादा, तुम्ही पण ना, मस्करी करता. पाचचंच घेतलंय, सही पण झाली.

ॲसिडिटीची गोळी घेतली. उपयोग नाही. पोटात दुखतंय.