टॉर्टिया फुगता कामा नये

१२ नोव्हेंबर, सकाळ
उषा गणपतीत पंधरा दिवसांसाठी म्हणून पुण्याला मुलाकडे, आकाशकडे गेली. मग नातीची परीक्षा आली, मग सुनेच्या ऑफिसात काहीतरी निघालं, मग दिवाळी. दिवाळीला मीच तिकडे गेलो. सोफ्यावर झोपलो आणि भाऊबीज उरकून जळगावला एकटा परत आलो.

आज फोनवर खरं कारण सापडलं. म्हणाली, काल टॉर्टिया केले होते, ते भाजी गुंडाळून खायचे मेक्सिकोचे, नातीच्या डब्याला रोजच लागतात, आता मलाही आवडायला लागलेत. आवाज असा खुशीत की मी लगेच ओळखलं. बाई टॉर्टियामुळे अडकली आहे. नाहीतर पुण्यात आहे काय?

निर्णय: होल व्हीट टॉर्टिया घरी करायला शिकायचं. तिला आधी सांगायचं नाही. आली की गरम गरम समोर ठेवायचा. म्हणजे तिकडे राहायला कारणच उरणार नाही. जन्मभर पाटबंधारे खात्यात काढला मी. जिथे पाणी नाही तिथे पाणी नेलं, निदान नकाशावर तरी. एक टॉर्टिया म्हणजे काय मोठंसं!

१३ नोव्हेंबर
गिरणीत जाऊन यादवकडे होल व्हीटचं, म्हणजे अख्ख्या गव्हाचं, पीठ मागितलं. तो म्हणाला, भाऊ, अर्धा गहू आमच्याकडे कोणी दळतच नाही, घरून डबा आणा. लोकांना परदेशी पदार्थांची माहिती नाही.

डबा भरायला कोठी उघडली. जाण्याआधी उषाने गहू निवडून, कडुलिंबाचा पाला घालून ठेवलेत. पाला वाळून गेला आहे. गव्हात हात घातला की गार लागतं. जरा वेळ तसाच उभा राहिलो. गिरणी बंद झाली. उद्या जाईन.

मोबाइलवर व्हिडिओ पाहिला. मेक्सिकोची बाई आहे. पीठ, मीठ, तेल, गरम पाणी. पोळीशी काही संबंध नाही. पोळी हा माझा विषय नव्हे आणि उषाच्या क्षेत्रात मी कधी ढवळाढवळही केली नाही. हे तंत्र वेगळं आहे.

डबा देणाऱ्या रोहिणीताईंना उद्यापासून डबा बंद म्हणून सांगितलं. ठामपणे.

१४ नोव्हेंबर
कणीक सैल झाली. पीठ घातलं. घट्ट झाली. पाणी घातलं. पुन्हा सैल. परात पुरेना. बाई म्हणते, गोळ्याला विश्रांती द्या. गोळ्याला दिली, स्वतःही घेतली. उठलो तेव्हा दिवे लागले होते आणि गोळ्यावर साय धरली होती.

जेवण: केळी आणि शेव.

रोहिणीताईंना डबा चालू ठेवा म्हणालो. तात्पुरता.

१७ नोव्हेंबर
पहिला टॉर्टिया झाला. साधारण जळगाव जिल्ह्याच्या नकाशासारखा. रावेरकडे जाड, चाळीसगावकडे भोक. धूर बराच झाला.

धूर पाहून शेजारच्या द्रौपदाबाई आल्या. मूळच्या शिरपूरच्या, इथे इतकी वर्षं राहून बोली काही सोडली नाही. काय करी राह्यनात भाऊ, म्हणाल्या. टॉर्टिया, मी म्हणालो. त्यांनी तो उलटा करून पाहिला आणि म्हणाल्या, हाई ते पोयी शे. जयेल पोयी. म्हणजे जळलेली पोळी.

मी त्यांना शांतपणे फरक समजावला. पोळी फुगते. टॉर्टिया सपाट राहतो. फुगला तर तो टॉर्टिया नाही. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, तव्याकडे पाहिलं आणि म्हणाल्या, मग तुमना एकदम पक्का टॉर्टिया शे.

जाताना विचारलं, उषाअक्का कधी येणार. म्हणालो, पुढच्या आठवड्यात.

२० नोव्हेंबर
उषा पोहायला शिकते आहे. सोसायटीत तलाव आहे म्हणे. पाच-सहा बायका मिळून जातात. ज्या बाईने भुसावळच्या पुलावर गाडी आली की तापी दिसू नये म्हणून जन्मभर डोळे मिटले, ती पाण्यात उतरली. फोनवर हसत होती. पाण्यावर उताणं पडलं की कानात काहीच ऐकू येत नाही, फार बरं वाटतं, म्हणाली.

कानात ऐकू न येण्यात काय बरं वाटायचं, कळलं नाही. इकडे तर दिवसभर काहीच ऐकू येत नाही.

ते असो. टॉर्टियाने पोट जड होत असणार, म्हणून व्यायाम. म्हणजे मुळाशी टॉर्टियाच. अंदाज बरोबर आहे.

३० नोव्हेंबर
चंपाषष्ठी झाली, भरताचा मोसम लागला. आज माझा जुना मित्र हेमराज, त्याच्या बोदवडकडच्या शेतात आम्हा मित्रांची पार्टी. कपाशीच्या काड्यांवर वांगी भाजायचं काम दरवर्षी माझ्याकडे. दुसऱ्या कोणाला हात लावू देत नाही. यंदा मी आधीच जाहीर केलं होतं की भरताबरोबर पुरी नाही, ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी नाही, टॉर्टिया. पहाटेपासून केले. फडक्यात बांधून नेले.

शेतात पोचेपर्यंत ते कडक झाले. थंडीचा दोष. सुकलालने एक घेऊन त्यावर भरीत वाढून घेतलं आणि भरीत संपल्यावर तो बांधावर ठेवून दिला. मग बाकीच्यांनीही तसंच केलं. हेमराजच्या घरच्यांनी पुऱ्या तळून आणल्या होत्याच. माझ्यावर विश्वास कमी, दुसरं काय. तरी निरीक्षण: पत्रावळी अजिबात लागल्या नाहीत. प्रयोग अंशतः यशस्वी.

हेमराजने विचारलं, वहिनी कधी येणार. म्हणालो, महिनाअखेर. आजच महिनाअखेर आहे हे नंतर लक्षात आलं.

दरवर्षी उषा कांद्याची पात चिरायला बसते आणि पहिला घास माझ्याआधी खाऊन, मीठ कमी आहे म्हणून सांगते. आज मीठ कमी होतं. कोणीच काही बोललं नाही. घरी आणलेलं भरीत खाताना मला कळलं.

६ डिसेंबर
द्रौपदाबाईंकडून दोन-तीन तांत्रिक बाबी समजून घेतल्या. त्या पोळीविषयी बोलत होत्या, मी टॉर्टियाविषयी ऐकत होतो. कणीक मळताना घाई करायची नाही. लाटणं मधूनच दाबायचं नाही, कडेने फिरवायचं. तवा तापल्याशिवाय हात लावायचा नाही.

कमालीचा फरक. मऊ. घडी मोडत नाही. रोहिणीताईंचा डबा बंद केला. त्या म्हणाल्या, पुन्हा कधी चालू करायचा ते सांगा. त्यांना म्हटलं, आता नाही. त्यांनाही थोडं वाईट वाटलेलं दिसलं.

एकच अडचण आली आहे. टॉर्टिया फुगू लागलेत. आज दोन फुगले. फडक्याने दाबून बसवले.

१० डिसेंबर
उषा येते आहे! भाचीचं, मोनालीचं, चाळीसगावला लग्न आहे. चौदाला सकाळी ट्रॅव्हल्सने इथे उतरणार, कपाटातल्या साड्या घेणार आणि पंधराला चाळीसगावला. म्हणाली, एकच दिवस राहते, समोरासमोर काही सांगायचंही आहे.

एक दिवस म्हणते. टॉर्टिया खाल्ल्यावर बघू.

काय सांगायचं असेल? बहुतेक पोहण्याबद्दल.

१३ डिसेंबर
घर झाडलं. तिच्या कढीपत्त्याला पाणी घातलं. तो मला वाटलं होतं त्याहून जास्त वाळला आहे, म्हणून कुंडी भिंतीकडे फिरवली. भाजीला मेथी आणली. लसणाची चटणी द्रौपदाबाईंनी दिली.

सपाटपणाचा सराव केला. निम्मे सपाट, निम्मे फुगले. उद्या जाणूनबुजून जाड लाटायचे. फुगला तर ती म्हणेल पोळीच आहे, मग इतक्या दिवसांची मेहनत वाया. फुगता कामा नये.

१४ डिसेंबर, संध्याकाळ
सकाळी आली. केस कापून घेतलेत, खांद्यापर्यंत. रंग थोडा काळवंडला आहे, तलावामुळे. दहा वर्षांनी लहान दिसते. मी तसं म्हणालो नाही. प्रवास कसा झाला, एवढं विचारलं.

आल्या आल्या स्वयंपाकघराकडे निघाली. तिला म्हटलं, बस. आज मी.

बसली. नुसती बसून माझ्या हातांकडे पाहत होती. पहिला जाड लाटला, तव्यावर टाकला. सपाट. उलटला. सपाट. मनात म्हटलं, जमलं. आणि तेवढ्यात एका कडेला फुगा आला, तो सरकत सरकत पलीकडच्या कडेपर्यंत गेला आणि सगळाच्या सगळा टम्म झाला. फडकं शोधेपर्यंत वाफ सुटली. दुसराही तसाच. तिसराही. काय वाट्टेल ते केलं तरी फुगतच होते.

मी म्हणालो, हे टॉर्टिया आहेत, आज जरा बिघडलेत. तिने ऐकलं नाही. पहिला घास घेतला आणि डोळे पुसले. म्हणाली, अहो, पोळी किती सुरेख झाली आहे! माझ्यापेक्षा मऊ. तीन खाल्ल्या. कोणासाठी केलं एवढं, म्हणून विचारलं. मी म्हणालो, सहज, वेळ जात नाही.

इथे मी चुकलो. तुझ्यासाठी, एवढंच म्हणायचं होतं. म्हणालो, वेळ जात नाही.

मग तिने जे समोरासमोर सांगायचं होतं ते सांगितलं. अठ्ठावीस तारखेचं तिकीट काढून झालं होतं. कायमचं परत यायचं. सुनेने, मृणालीने, पाळणाघर ठरवलं होतं, तलावाची फी पुढे भरली नव्हती. तिला तिथे राहावंसं फार वाटत होतं, पण रोज ताटावर बसलं की माझं कसं चाललं असेल, या विचाराने घास उतरत नव्हता म्हणे. तेवढ्यासाठी येणार होती. आणि आता हे पाहिलं, आता मनावरचं ओझं गेलं, म्हणाली. तुमचं आता काही अडत नाही.

तिथेच जेवणाच्या टेबलावरून आकाशला फोन लावला आणि तिकीट रद्द करायला सांगितलं. फोन ठेवताना मला विचारलं, चालेल ना तुम्हाला? जूनपर्यंत?

म्हणालो, अगदी आरामात. माझी काळजी करू नकोस.

माझा आवाजही छान ठाम लागला.

१५ डिसेंबर
सकाळच्या गाडीने चाळीसगावला गेली. स्टेशनवर सोडायला गेलो. वाटेत खायला म्हणून तिने स्वतःहून दोन पोळ्या मागून घेतल्या होत्या, त्या पिशवीत वर ठेवल्या. खिडकीतून हात हलवला. जाताना कढीपत्त्याची कुंडी सरळ करून गेली होती, हे घरी आल्यावर दिसलं.

द्रौपदाबाईंनी विचारलं, उषाअक्का कधी येणार. जूनमध्ये, म्हणालो. पहिल्यांदाच खरं उत्तर दिलं. संध्याकाळी त्यांनी वरण पाठवलं.

योजना: फोनवर सांगायचं की मला जमत नाही. पोळ्या करपतात. उपाशी राहतो. त्या दिवशी जमल्या ते योगायोगाने. वजन कमी झालं म्हणून सांगायचं. रोज थोडं थोडं सांगायचं, म्हणजे तिला पटेल. महिनाभरात परत येईल.

१९ डिसेंबर, सकाळ
आज तिचा फोन येणार म्हणून सगळं पाठ करून बसलो होतो. करपतात. उपाशी. वजन. फोन आला. घाईत होती, मागे बायकांचा आवाज, पाण्यात कोणीतरी उडी मारल्याचा आवाज. विचारलं, काय केलंत जेवायला?

पोळ्या, मी म्हणालो.

फुगल्या का, म्हणाली.

फुगल्या, म्हणालो. तिने शेजारच्या कोणाला तरी सांगितलेलं ऐकू आलं, आमच्या ह्यांना पोळ्या येतात. किती कौतुकाने सांगितलं. मग पाठ केलेलं सगळं तसंच राहिलं. तिनेच फोन ठेवला.

आत्ता दोन पोळ्या केल्या. दोन्ही टम्म फुगल्या. तव्यासमोर उभा राहून वाफ जाईपर्यंत पाहिल्या. घरात दाखवायला कोणी नव्हतं.