हाकेचा डोंगर

आई,

तुझ्यावर संशय घ्यायला मला तू गेल्यानंतर अकरा वर्षं लागली, आणि तीही माझ्या पोरीमुळे. परवा तिची वेणी घालताना मी तिला तुझा हाकेचा डोंगर सांगत होते. सातपाण्याच्या राज्यातला, जिथे नद्या चढावर वाहतात आणि मीठ झुडपांना लागतं. तो काळा डोंगर कधी रानात, कधी भर बाजारात येऊन आपल्या माणसाच्या आवाजात, घरातल्या लाडक्या नावानं हाक मारतो, आणि जो मागे वळून बघेल त्याचा तिथल्या तिथे दगड होतो. उतारावर नुसते दगडच दगड, सगळ्यांच्या माना मागे वळलेल्या. पोरीनं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "मम्मी, हा डोंगर नेहमी बाप्याच्याच आवाजात का गं हाक मारतो? आणि डोंगर असून बाजारात कसा येतो?" कंगवा माझ्या हातात तसाच राहिला. इतकी वर्षं ही गोष्ट मला पाठ आहे, आणि हे मला कधी सुचलं नाही! अगं, द्राक्षांच्या पॅकहाऊसमध्ये मी दिवसभर घड उलटून मागचे मणी तपासते. वरून टवटवीत दिसणाऱ्या घडावर माझा काडीचा विश्वास नाही. तुझी गोष्ट तेवढी मी कधी उलटून पाहिली नाही.

मग आता बघते. मामाच्या मळ्यातलं ते स्वयंपाकघर. दुपारी तोडून आणलेली शेवंती ओल्या गोणपाटावर पसरलेली आहे, तू हार ओवते आहेस, मी देठ खुडते आहे. डोंगराची गोष्ट तू तेव्हाच सांगायचीस, आणि दर वेळी शेवटी माझ्याकडून वदवून घ्यायचीस, की कुणीही हाक मारली तरी वळणार नाही. बाकीच्यांच्या आयांच्या गोष्टीत राक्षस मरायचे, राजकन्या परत यायच्या. तुझ्या गोष्टीत कुणी सुटायचंच नाही. एकदा मामी चिडली, "अहो वन्सं, पोरीला भलतंसलतं सांगून भेकड करताय तुम्ही." तू मान वर न करता म्हणालीस, "भेकड झाली तरी चालंल. माझ्यापाशी तर राहील." मी चार वर्षांची असताना आपण मामाकडे आलो ते बाबा देवाघरी गेले म्हणून, असं तू मला सांगितलं होतंस. मग कपाळावर टिकली कशी गं? विचारलं तर म्हणायचीस, बाजारात टिकली असली की लोक नीट बोलतात. आणि ते वाकडं डावं मनगट? विहिरीच्या पायरीवर पडले, म्हणायचीस. मामाच्या विहिरीला पायऱ्याच नव्हत्या. मी किती बावळट होते!

आणि पंचवटीतली ती सकाळ. मी आठ-नऊ वर्षांची असेन. बाजारात आपल्या फुलांच्या पाट्या लावून झाल्यात, तू चहा आणायला गेली आहेस, मी फुलांवर पाणी मारते आहे. मागून हाक येते. माझं घरातलं नाव, जे मामाच्या घराबाहेर कुणालाच ठाऊक नाही. पुन्हा एकदा. मग, "इकडं बघ की गं. घाबरू नको, मी हाय." तू परत आलीस, हातातले ग्लास सांडत, आणि पहिला प्रश्न काय विचारलास? "वळलीस का?" मी तुला हाक आल्याचं सांगितलंसुद्धा नव्हतं, आई! मी म्हटलं, "नाय." तर भर बाजारात मला छातीशी धरलंस, "शहाणी माझी बाय ती," म्हणालीस. एरवी चार माणसांत तू माझ्या डोक्यावरून हातही फिरवायची नाहीस. निम्मी फुलं तशीच गुंडाळलीस, आपण रिक्षानं घरी आलो, आणि वाटेत तू मला झालरीचा फ्रॉक घेतलास. दिवाळी नव्हती, काही नव्हतं. लाच होती ती, आता कळतंय.

काल मामीकडे गेले. तिला हल्ली कमी ऐकू येतं, की ऐकायचंच नसतं, देव जाणे. तीनदा विचारल्यावर म्हणाली, "व्हता की तुझा बाप. कळवणला व्हता. मागच्या साली वारला." मागच्या साली! "एकदा पोरीला भेटू द्या म्हणून लय खेटे घातले त्यानं. तुझी आई उंबऱ्यात उभी राहायची, हलायची नाय." मी विचारलं, मारायचा का तो तिला? मामी भाजी निवडत राहिली. "मोडलेलं मनगट घेऊन आली व्हती, येवढं मी पाह्यलं. कसं मोडलं, तिनं नाय सांगितलं, मी नाय इचारलं."

म्हणजे झालं काय, आई? तू मला बापापासून वाचवलंस, की माझा जिवंत बाप माझ्यापासून लपवलास? काल रात्रभर मी तुला शिव्या घातल्या, खरं सांगते. मला एका माणसाला तोंडावर बाप म्हणता येऊ नये म्हणून अख्खं राज्य रचलंस, त्यात डोंगर उभा केलास, आणि लेकराला दगड व्हायची भीती घातलीस. तू खोटारडी होतीस, असं मी इथे लिहिलं होतं. मग खोडलं.

कारण मी वळले होते. तिसऱ्या हाकेला. केळीच्या गाड्याजवळ तो उभा होता, उन्हानं रापलेला, दाढी वाढलेली. देवाघरी गेलेला माझा बाप, मी त्याला लगेच ओळखलं. त्यानं हात पुढे केला आणि हसला, आणि मला काहीही झालं नाही, दगड नाही की काही नाही. मी आपण होऊन मान फिरवली आणि फुलांवर पाणी मारत बसले. डोंगराला घाबरून नाही. त्याच्याबरोबर गेले तर तू एकटी पडशील, एवढंच डोक्यात होतं. तू येईपर्यंत तो निघून गेला होता, वाटेत तुला दिसला असणार. तुला "नाय" म्हणाले, ते खोटं होतं, आणि पुढं इतकी वर्षं मी स्वतःलाही तेच सांगत राहिले.